तेराव्या महिन्याचं व्याज

फ्रिजशेजारच्या खिळ्यावर कालनिर्णय आणि कालनिर्णयावर आईची सत्ता, अशी आमच्या घरातली व्यवस्था. दुधाचा खाडा झाला की त्या चौकोनात फुली. सिलिंडर लावला की 'गॅस'. छापलेल्या तिथ्या आई वाचत नाही, त्या तिला पाठ असतात. तिला हवी असते ती चौकोनात उरलेली पांढरी जागा. २०२३ च्या जुलैत माझी भाची याच कालनिर्णयासमोर कमरेवर हात ठेवून उभी राहिली आणि म्हणाली, "आजी, यात चीटिंग आहे. श्रावण दोनदा छापलाय."

होताच दोनदा. १८ जुलैला अधिक श्रावण लागला, १६ ऑगस्टला संपला आणि मग निज श्रावण आला. आदल्या वर्षी ३१ ऑगस्टला बसलेले गणपती त्या वर्षी १९ सप्टेंबरवर गेले. आईने तिचं ठेवणीतलं उत्तर दिलं, "धोंड्याचा महिना आहे. जावयाला तेहेतीस अनारसे द्यायचे." जावई म्हणजे दाजी, या मुलीचे वडील. तेहेतीसच का, हे विचारायची आमच्याकडे रीत नव्हती. भाचीने विचारलं.

तिला कारण होतं. ताई-दाजींची दिंडोरीकडे द्राक्षबाग आहे. शाळेसाठी ही आमच्याकडे नाशिकला, इंदिरानगरात राहायची. नववीतली मुलं मोबाइलमध्ये काय करतात ते मला ठाऊक नाही, ही मात्र एका फुलस्केप वहीत जग तयार करत होती. नदी, किल्ले, तीन राजघराणी, एक उडणारा प्राणी (त्याचं काय झालं ते पुढे कधी कळलं नाही) आणि शेवटच्या चार पानांवर त्या जगाचं स्वतःचं कॅलेंडर. ते तिने मला परीक्षेचा निकाल दाखवावा तसं दाखवलं.

बारा महिने, प्रत्येक तीस दिवसांचा. दहा दिवसांचा आठवडा. आकाशात दोन चंद्र, एकाची पौर्णिमा तीस दिवसांनी, दुसऱ्याची पंधरा दिवसांनी. वर्ष बरोबर ३६० दिवसांचं. महिन्यांची नावं सगळी हिमाची, धुक्याची आणि इंग्रजी वळणाची. निफाडचा पारा उतरला की पेपरात फोटो येतो, तेवढंच आमच्या जिल्ह्याचं हिम. पण नावांचं जाऊ द्या. मला खुपलं ते वेगळंच. मी आयुष्य बँकेत काढलं आहे, आणि ज्या खात्यात एक पैशाचाही फरक निघत नाही त्या खात्याकडे मी आधी संशयाने बघते.

"यात कुणाचं काहीच चुकत नाही," मी म्हटलं.

"म्हणजे छान ना?"

तिला फ्रान्सची गोष्ट सांगितली. क्रांतीनंतर १७९३ मध्ये त्या लोकांनी अगदी हिच्यासारखंच कॅलेंडर काढलं होतं. तीस-तीस दिवसांचे बारा महिने, दहा दिवसांचा आठवडा, आणि उरलेले पाच दिवस, कधी सहा, वर्षाच्या शेपटीला. नावंही हवामानावरून आणि शेतीवरून: धुक्याचा महिना, पावसाचा महिना, आणि वर्षाचा पहिलाच महिना द्राक्षतोडणीचा. पण सातव्या दिवशी मिळणारी सुट्टी दहाव्या दिवशी मिळू लागल्यावर राबणारा माणूस कशाला खूश होईल? १ जानेवारी १८०६ ला नेपोलियनने ते गुंडाळलं. भाचीला यातलं एकच आवडलं, द्राक्षतोडणीचा महिना. "पण तो सप्टेंबरात येतो," मी म्हटलं. "तुझे बाबा त्या वेळी कात्र्यांना धार लावत असतात."

मग तेहेतिसांचा हिशेब. अमावास्येपासून अमावास्येपर्यंत सरासरी २९.५३ दिवस. असे बारा महिने केले की ३५४ दिवस भरतात, सूर्याचं वर्ष मात्र ३६५ चं. दर वर्षी अकरा दिवसांची तूट. ती तशीच साचू दिली तर दिवाळी हळूहळू पावसाळ्यात जाईल. म्हणून साधारण साडेबत्तीस महिन्यांनी एक महिना जास्तीचा धरायचा. साडेबत्तीसचे पुढे तेहेतीस, आणि तेहेतिसांचे अनारसे, असा मी आपला अर्थ लावला. आईला तो पटला नाही. तिच्या मते देव तेहेतीस कोटी म्हणून. अनारसे दोन्ही हिशेबांनी तेवढेच झाले.

या जास्तीच्या महिन्यावर आपल्या भाषेचा राग दिसतो. दुष्काळात तेरावा महिना, म्हणतात. बारा महिने कसेबसे ओढून नेले आणि पंचांगाने वर आणखी एक खायला घातला. मला या म्हणीत ज्योतिषापेक्षा कणगीचा तळ जास्त दिसतो. आणि उलटही होतं बरं का. कधीतरी महिना गळतोच. १९८२-८३ मध्ये एक क्षयमास आला आणि त्याच्या मागेपुढे दोन अधिक. आकाश आपल्या सोयीने फिरत नाही, मग माणसं ठिगळं लावतात, आणि मग ठिगळाला नाव देतात, व्रत देतात, त्यावर जावयाचं ताट वाढतात.

भाचीने त्या रात्री दोन्ही चंद्र मोडले. सकाळी वहीत नवे आकडे होते. मोठ्या चंद्राची पौर्णिमा दर ३१ दिवसांनी, लहानाची दर १९ दिवसांनी, वर्ष ३८२ दिवसांचं. आम्ही डायनिंग टेबलावर कॅल्क्युलेटर घेऊन बसलो. मोठ्या चंद्राचे बारा महिने म्हणजे ३७२ दिवस, वर्षाला दहा दिवस कमी. म्हणजे तिसऱ्या-चौथ्या वर्षी एक अधिक महिना. एकतीस वर्षांत असे दहा घातले की फिट्टंफाट. चंद्रही आता नुसते चंद्र राहिले नव्हते. तिने त्यांना जावा करून टाकलं होतं. थोरली आणि धाकटी. थोरली सावकाश चालते, धाकटी तुरुतुरु, आणि दोघी एकाच रात्री पूर्ण तेजात दिसतात ती 'जुळी पुनव', ५८९ दिवसांनी एकदा. "त्या रात्री दोघी भांडतात की बोलतात?" आईने कणीक मळता मळता विचारलं. तिला पाच जावा होत्या, त्यामुळे प्रश्न अनुभवाचा होता.

आठवड्यावरून आमचं खरं भांडण झालं. महिना चंद्रावर दिसतो, वर्ष सूर्यावर, पण आठवडा आकाशात कुठेच नसतो. मग तो येतो कुठून? भाचीचं म्हणणं, देवांनी सांगितला. मी तिला एका बुधवारी गोदाघाटावर नेलं. बुधवारच्या बाजारात मेथीची जुडी सकाळी काय भावाने जाते आणि दिवेलागणीला काय भावाने, हे तिने उभं राहून पाहिलं. भाजी किती दिवस टिकते आणि माणूस डोक्यावर ओझं घेऊन किती गावं चालतो, या दोन गोष्टींनी आठवडा ठरत असावा, असं माझं आपलं मत. आपल्याकडे गावाची ओळखही बाजाराच्या वाराने सांगतात. तिच्या जगात मग नदीकाठी सहा गावं झाली. होडी एकेका गावाला लागते, बाजार करते, पुढे जाते. म्हणून आठवडा सहा दिवसांचा आणि वारांना गावांचीच नावं. 'आज शिंपळ' म्हणजे आज होडी शिंपळला. होडी उशिरा आली तर? "तर वार उशिरा लागतो," ती म्हणाली. मला हे भयंकर वाटलं आणि आवडलंही.

नदीचं नाव तिने नितळा ठेवलं, आणि ती वर्षभर गढूळ असते. वर्षाचा पहिला महिना 'गाळ'. पूर ओसरला, काठावर गाळ राहिला की वर्ष सुरू. ते कसं ठरतं? पात्रात एक दगडी माणूस उभा आहे, पाणी त्याच्या पावलांवरून उतरलं की पाटील हाळी देतो. हा दगडी माणूस कुठून आला हे नाशिककराला सांगायला नको. पाऊस लागून राहिला की आपल्याकडे क्युसेकचे आकडे टीव्हीवाले सांगतात. आपण विचारतो, गोदेच्या पात्रातल्या दुतोंड्या मारुतीला पाणी कुठपर्यंत आलं? गुडघ्याला, कमरेला, की गळ्याला?

माझ्यातली बँक मात्र जागी झाली. "अगं, वर्ष कधी लागणार हेच आधी माहीत नसेल तर कॅलेंडर छापणार कसं? कर्जाच्या हप्त्याची तारीख काय टाकायची?"

"टाकायचीच नाही. पाणी उतरायची वाट बघायची."

"सावकार बघेल वाट?"

यावर ती गप्प झाली. पुढचे दोन महिने वही माझ्यासमोर आली नाही.

दिवाळीत आम्ही दिंडोरीला गेलो. पाडवा होता, १४ नोव्हेंबर. कार्तिक शुद्ध प्रतिपदा, शके १९४५. गुजराती व्यापाऱ्यांचं विक्रम संवत २०८० त्याच दिवशी सुरू झालेलं. इतकी सगळी नावं असलेल्या त्या दिवसाला दाजी काय म्हणाले? बांधावर शेजारचे काका भेटले. "कितवा?" त्यांनी विचारलं. "चव्वेचाळीस," दाजी म्हणाले. "खालचा प्लॉट छत्तीस."

भाची लहानपणापासून हे ऐकत आली होती, आणि त्या दिवशी पहिल्यांदा तिने ऐकलं. द्राक्षवाल्याचं वर्ष दोनदा शून्यावर येतं. एप्रिलमध्ये खरड छाटणी आणि ऑक्टोबरच्या सुमारास गोड्या बहाराची. कात्री लागली की मोजणी सुरू. डोळे फुटणं, घड दिसणं, फुलोरा, विरळणी, मण्यात पाणी उतरणं, औषधं, खतं, सगळं त्या दिवसांवर. माल तोडायला साधारण चार-साडेचार महिने. एकाच बागेत दोन प्लॉट आठ दिवसांच्या अंतराने छाटले तर एकाच बांधाच्या दोन बाजूंना दोन वेगळ्या तारखा. दाजींना सोमवार की मंगळवार हे विचारा, ते खिशातला मोबाइल काढून बघतील. कितवा दिवस ते झोपेत सांगतील.

बारा दिवसांनी, २६ नोव्हेंबरला, जिल्ह्यात गारपीट झाली. संध्याकाळी ताईचा फोन आला. मागे दाजींचा आवाज नव्हता, नुसता पत्र्यावरचा शेवटचा पाऊस ऐकू येत होता. आमच्या घरात त्या संध्याकाळचा उल्लेख निघाला तर आजही कुणी तारीख सांगत नाही. छप्पन्न, एवढंच म्हणतात.

वही परत बाहेर आली ती जानेवारीत, आणि निमित्त पांडवलेण्याचं. सुट्टीच्या दिवशी सकाळी आम्ही पायऱ्या चढलो. तिथल्या लेखांची भाषांतरं मी निवांत वाचून गेले होते, त्यामुळे माझा तोरा गाईडचा. दहाव्या क्रमांकाच्या लेण्यात क्षत्रप नहपानाचा जावई उषवदात याचा लेख आहे (पुन्हा जावईच!). त्यात काळ दिलाय तो 'वसे ४२, वेसाखमासे'. वर्ष बेचाळिसावं, महिना वैशाख. तिथून चालत तिसऱ्या क्रमांकाच्या लेण्याशी आलं की गौतमीपुत्र सातकर्णीची आई गौतमी बलश्री हिचा लेख. तिथे काळ असा: वासिष्ठीपुत्र पुळुमावीचं एकोणिसावं वर्ष, ग्रीष्माचा दुसरा पक्ष, दिवस तेरावा. महिन्याचं नावच नाही. उन्हाळा, पावसाळा, हिवाळा असे तीन ऋतू आणि त्यांचे मोजलेले पक्ष. एकच डोंगर, एकच कातळ, काही पावलांचं अंतर, आणि राज्यकर्ता बदलला की दिवस सांगायची तऱ्हाच बदललेली. वर्षाचा आकडाही नव्या राजाबरोबर नव्याने सुरू.

"म्हणजे माझ्या राजाचं कॅलेंडर वेगळं असू शकतं," भाची म्हणाली, "आणि नदीचं वेगळं."

"आणि सावकाराचं?" मी जुना दावा सोडला नव्हता.

तो तर त्याच लेखात होता. उषवदाताने तीन हजार कार्षापणांची, म्हणजे त्या काळच्या नाण्यांची, कायम ठेव ठेवली. शब्दही सुरेख आहे, अखयनिवि. गोवर्धन इथल्या विणकरांच्या दोन श्रेणींकडे, म्हणजे संघांकडे, ही रक्कम. मुद्दल परत मागायचं नाही, फक्त वाढ वापरायची. त्यातले दोन हजार दरमहा दर शेकडा एक कार्षापण व्याजाने. म्हणजे महिन्याला वीस, वर्षाला दोनशे चाळीस. आणि ते कशासाठी? लेण्यात वर्षावासाला, म्हणजे पावसाळ्याच्या मुक्कामाला, राहणाऱ्या वीस भिक्खूंना चीवरासाठी, म्हणजे वस्त्रासाठी, प्रत्येकी बारा. वीस गुणिले बारा, दोनशे चाळीस. ताळा जुळतो. जवळजवळ दोन हजार वर्षांपूर्वी कुणीतरी बसून हा हिशेब नीट केला आणि दगडात कोरला. मला तिथे, ओसरीत, कुणा अनोळखी सहकाऱ्याच्या टेबलाशी उभं राहिल्यासारखं वाटलं.

भाची मात्र बोटांवर काहीतरी मोजत होती. "मावशी, अधिक महिना आला तर?"

"तर काय?"

"तर तेरा महिने. दोनशे साठ. भिक्खूंना बारा-बारा दिले की वीस उरतात. ते कुणाचे?"

मी थक्क झाले. अठ्ठावीस वर्षं व्याज काढलं, हा प्रश्न मला सुचला नव्हता. तो लेखही यावर काही सांगत नाही.

उतरताना मी तिला बँकेतली दहा तारीख सांगितली. मी लागले तेव्हा बचत खात्यावरचं व्याज महिन्याच्या दहा तारखेपासून अखेरपर्यंतच्या सर्वांत कमी शिलकेवर मिळायचं. पैसे दहाच्या आत भरायचे आणि महिना संपेपर्यंत हात लावायचा नाही. दहा तारखेला काउंटरपुढे रांग असायची. अकराला धापा टाकत आलेल्या एखाद्या आजोबांना 'आता पुढच्या महिन्यापासून' म्हणताना जीव कसनुसा व्हायचा. १ एप्रिल २०१० पासून व्याज रोजच्या शिलकेवर सुरू झालं, आणि दहा तारीख एका दिवसात साधी तारीख झाली. कुठलंही पंचांग बदललं नव्हतं. पण किती घरांतल्या कालनिर्णयावरचं दहाभोवतीचं वर्तुळ त्या महिन्यानंतर काढायचं राहिलं असेल!

त्या दिवसापासून तिच्या जगाची तीन राजघराणी मागे पडली. नायिकाही राजकन्या राहिली नाही. शिंपळ गावच्या विणकर श्रेणीत कीर्द लिहिणारी एक कारकून मुलगी नायिका झाली. राजाचं कॅलेंडर आकडेमोडीचं, ते अधिक महिना मानतं. नदीचं कॅलेंडर पाण्याचं, ते मानत नाही. आणि या कारकून मुलीकडे दर तीन-चार वर्षांनी एका महिन्याचं असं व्याज जमतं, जे एका कॅलेंडरात आहे आणि दुसऱ्यात नाही. ते पैसे ती काय करते, हा कथेचा कणा. मी बढती मिळाल्यासारखी खूश झाले होते, हे कबूल करते.

एक गाठ अजून उरली होती, जुळ्या पुनवेची. तिला ती तिच्या जगातली सर्वांत मोठी जत्रा करायची होती, गाळ महिन्यात येणारी, आपल्या सिंहस्थासारखी. आकडे मांडले. अकरा जुळ्या पुनवा म्हणजे ६,४७९ दिवस. सतरा वर्षं म्हणजे ६,४९४. पंधरा दिवसांचा फरक. म्हणजे सतरा वर्षांनी जत्रा जवळपास त्याच दिवसांत येते, पण दर वेळी पंधरा दिवस अलीकडे. दोन-तीन जत्रांत ती सरकत सरकत ऐन पुरात जाणार. तिला वाटलं गणित फसलं. मी म्हटलं, आपलं तरी कुठे जुळतंय? सिंहस्थ म्हणजे गुरू सिंह राशीत, आणि त्या गुरूला सूर्याभोवती फिरायला ११.८६ वर्षं लागतात, आपण बारा म्हणतो. राहिलेली शिल्लक साचत जाते आणि सातएक सिंहस्थांनी एक वर्ष खाते. २००३, २०१५, आणि आता बघा, ध्वजारोहण ठरलंय ३१ ऑक्टोबर २०२६ ला. मोठी स्नानं मात्र पुढल्या वर्षीच्या पावसाळ्यात. त्यातलं पहिलं २ ऑगस्ट २०२७ ला, सोमवती अमावास्येला. त्याच दिवशी इजिप्तकडे खग्रास सूर्यग्रहण आहे. आकाशात एवढी गर्दी, आणि खाली आमच्या रस्त्यांवर आत्तापासून खोदकाम. शहरात कुणालाही पत्ता विचारा, 'तिथून नाही जाता येणार' इथून उत्तर सुरू होतं.

भाचीने जत्रा पुरात जाऊ दिली. पुजारी म्हणतात, जुळी पुनव हीच तिथी. नावाडी म्हणतात, पाणी दगडी माणसाच्या छातीशी आहे. पुढे काय ते तिने ठरवलं नाही. मला वाटतं ते तिने ठरवूही नये.

आता ती पुण्याला असते, बारावीत. कॅलेंडर पूर्ण आहे. एकतीस वर्षांचे तक्ते आहेत, जास्तीच्या महिन्यांची नावं आहेत, सहा बाजारांचे वार आहेत, धाकटीच्या रुसण्याची एक कहाणीही आहे, ती आईने सांगितली आणि हिने लिहून घेतली. कथा मात्र एक ओळसुद्धा पुढे सरकली नव्हती. पहिलं वाक्य वहीत कधीपासून होतं: 'राजशक २१४, अधिक गाळ, थोरलीची षष्ठी, वार शिंपळ.' त्याच्याखाली पानभर कोरी जागा. आईने एकदा त्या जागेत पेपरवाल्याचं बिल लिहिलं. त्यावरून दोघींत चार दिवस अबोला.

गेल्या रविवारी तिचा फोन आला. सुरुवात झाली, म्हणाली, आठ पानं झाली.

"तारखेचं वाक्य?"

"काढलं."

"मग पहिलं वाक्य काय आहे?"

तिने वाचून दाखवलं. मी स्पीकर लावला होता, दाजी आलेले होते, सोफ्यावर पेपर वाचत बसले होते. त्यांनी पेपर खाली केला.

"वेलीला छप्पन्न दिवस झाले होते, आणि दुपारपासून आभाळ पांढरं पडत चाललं होतं."